चार्लीसमोरचा माणूस

प्रस्तावना

चॅप्लिनचा 'वन ए. एम.' हा चित्रपट ७ ऑगस्ट १९१६ रोजी प्रदर्शित झाला. मध्यरात्र उलटल्यावर चांगलाच झोकून घरी आलेला एक श्रीमंत गृहस्थ आणि त्याला बिछान्यापर्यंत पोचू न देणारे त्याचेच घर, एवढीच त्याची गोष्ट. सुरुवातीला क्षणभर टॅक्सीवाला दिसतो. तो गेला की पडद्यावर चॅप्लिन एकटा. जिना, गोल फिरणारे टेबल, पेंढा भरलेली जनावरे, घड्याळाचा भलामोठा लंबक आणि भिंतीतून खाली उतरणारा पलंग यांच्याशी तो दोन रिळे झुंजत राहतो. कसब अचाट आहे, पण पाहता पाहता मन थोडे थकते. लंबक चार्लीला हाणतो खरा, पण त्याला चार्लीचा राग आलेला नसतो. पलंगाला संशय येत नाही. जिन्याला फसवता येत नाही, घाबरवता येत नाही आणि हरला तरी जिन्याचे तोंड पडत नाही. चॅप्लिनच्या विनोदाला समोर माणूस लागतो, हे त्याच्या या एकपात्री चित्रपटाइतके दुसऱ्या कशानेच कळत नाही.

'वन ए. एम.' हा म्युच्युअल कंपनीसाठी केलेल्या बारा चित्रपटांपैकी चौथा. उरलेल्या अकराही चित्रपटांत एक धिप्पाड माणूस आहे. बहुतेक वेळा दाढीवाला, डोळे वटारलेला, भुवया रंगवून कपाळाकडे चढवलेल्या. एका चित्रपटात तो दुकानाचा मॅनेजर असतो, दुसऱ्यात आगीच्या बंबवाल्यांचा प्रमुख, मग जिप्सींच्या टोळीचा म्होरक्या, शिंपी, चोर, स्टुडिओतला सामान हलवणारा, गल्लीतला गुंड, पायाच्या दुखण्याने बेजार झालेला रोगी, हॉटेलातला मुख्य वेटर. त्याचे नाव एरिक कॅम्पबेल. जगभरच्या प्रेक्षकांनी हा चेहरा शंभर वर्षे पाहिला आहे आणि त्यातल्या फार थोड्यांना हे नाव ठाऊक आहे. पुढची प्रकरणे त्याच्या अकरा चित्रपटांविषयी आहेत.

नावाला न्याय मिळवून देणे हा या लेखनाचा मुख्य हेतू नाही. विस्मृतीत गेलेल्या कलावंताला उजेडात आणण्याचे पुण्य मराठीत पुष्कळांनी घेतले आहे आणि अशा पुस्तकांत नायक हमखास थोर ठरतो. माझे म्हणणे त्याहून लहान आणि, मला वाटते, त्याहून ठाम आहे. चार्ली हे पात्र दुबळे आहे, उपाशी आहे, हरणार आहे असे आपण ज्या क्षणी मानतो, त्या क्षणी आपण चॅप्लिनकडे पाहत नसतो. आपण त्याच्या समोरच्याकडे पाहत असतो. धोका खरा वाटला तरच सुटका गमतीची वाटते. म्युच्युअलच्या चित्रपटांत तो धोका खरा करून देण्याचे काम एकाच माणसाकडे होते. ते काम कसे होत असे, कोणत्या तयारीने होत असे आणि तो माणूस गेल्यावर चॅप्लिनच्या चित्रपटांचे काय झाले, हे पाहायचे आहे.

कॅम्पबेलचे चरित्र थोडक्यात सांगता येते. जन्म २६ एप्रिल १८८०. तो स्कॉटलंडमधल्या डनून गावचा, असे वर्षानुवर्षे लिहिले गेले. केव्हिन मॅकडोनाल्ड या दिग्दर्शकाने १९९६ मध्ये त्याच्यावर 'चॅप्लिन्स गोलायथ' हा माहितीपट केला, तोही त्याला स्कॉटिश मानूनच. पुढच्या शोधात जन्माची नोंद इंग्लंडमधल्या चेशायर परगण्यातल्या सेल या गावी निघाली. तरुणपणीच तो रंगभूमीवर आला, १९०१ मध्ये फॅनी गर्ट्रूड रोबोथम हिच्याशी त्याचे लग्न झाले आणि त्यांना उना नावाची मुलगी झाली. त्याच्या घडणीतला महत्त्वाचा टप्पा म्हणजे फ्रेड कार्नोची कंपनी.

कार्नो हा इंग्लंडमधल्या म्युझिक हॉलचा बडा मालक. त्याच्या अनेक मंडळ्या एकाच वेळी निरनिराळ्या गावी खेळ करत असत. चॅप्लिन, त्याचा थोरला भाऊ सिडनी आणि पुढे लॉरेल-हार्डी जोडीतला स्टॅन लॉरेल ही सगळी कार्नोच्याच तालमीत तयार झालेली माणसे. त्याचे प्रहसन बोलण्यावर फारसे अवलंबून नसे. धक्का, पडणे, चुकवणे, पाठलाग यांवर चाले. अशा खेळात एकटा कितीही हुशार असला तरी त्याचे काही चालत नाही. लाथ मारणारा अर्धा क्षण लवकर आला तर खाणाऱ्याची फजिती वाया जाते, उशिरा आला तर लाथ खोटी दिसते. रोज रात्री, वेगवेगळ्या गावच्या प्रेक्षकांसमोर, तोच धक्का त्याच ठोक्यावर बसवण्याची सवय नटांच्या अंगात मुरायची. चॅप्लिन आणि कॅम्पबेल कॅमेऱ्यासमोर एकत्र आले तेव्हा दोघांचे व्याकरण आधीपासून एक होते. एकाने खांदा किती अंशांत वळवला म्हणजे दुसऱ्याने कधी वाकायचे, हे त्यांना शिकवावे लागले नाही.

१९१४ मध्ये कॅम्पबेल अमेरिकेत गेला आणि न्यूयॉर्कच्या रंगभूमीवर कामे करू लागला. २६ फेब्रुवारी १९१६ रोजी चॅप्लिनने म्युच्युअलशी करार केला: आठवड्याला १०,००० डॉलर आणि वर १,५०,००० डॉलरचा बोनस, म्हणजे वर्षाला ६,७०,००० डॉलर. तेव्हा तो जेमतेम २६ वर्षांचा होता. लॉस एंजेलिसमध्ये 'लोन स्टार' हा स्टुडिओ त्याच्या हाती आला आणि त्याने स्वतःची मंडळी जमवली. नायिका एडना पर्व्हायन्स आधीपासून होती. जोडीला अल्बर्ट ऑस्टिन, लॉइड बेकन, जॉन रँड, हेन्री बर्गमन आले, कॅमेऱ्यामागे रॉली टोथेरो आणि समोर उभा करायला एरिक कॅम्पबेल. मे १९१६ ते ऑक्टोबर १९१७ या काळात या मंडळीने बारा चित्रपट दिले. आपल्या कारकिर्दीतला सर्वांत सुखाचा काळ हाच, असे चॅप्लिनने पुढे आत्मचरित्रात लिहिले.

कॅम्पबेलची उंची सव्वासहा फुटांहून अधिक आणि वजन ३०० पौंडांच्या घरात होते. चॅप्लिन साडेपाच फुटांच्या आत-बाहेरचा, अंगाने किरकोळ. हा फरक दाखवायला काही करावे लागत नाही, असे कुणालाही वाटेल. पण त्या काळचा कॅमेरा बहुधा एका जागी खिळलेला असे आणि चॅप्लिनला तो तसाच हवा असे, कारण त्याला डोक्यापासून बुटापर्यंत सगळे अंग चौकटीत लागायचे. जवळून चेहरा दाखवून भीती निर्माण करण्याची सोय त्यामुळे जवळजवळ नव्हती. दूरवरच्या चौकटीतून कॅम्पबेलचा राग शेवटच्या रांगेतल्या प्रेक्षकाला दिसायचा, तर तो पाठीतून, मानेतून, पाय टाकण्यातून दिसायला हवा. रंगवलेल्या भुवया त्यासाठीच. त्या वेळची फिल्म तांबडा रंग काळपट आणि निळा रंग पांढुरका दाखवी. चेहऱ्यावरच्या बारीक छटा तिच्यात हरवून जात. ठळक रेषा तेवढ्या टिकत. कॅम्पबेलचा चेहरा म्हणजे अशा चार-पाच ठळक रेषांचा हिशेब होता. त्यात तो मोठा गुणी नट असल्यामुळे या रेषा हलवताना घाई करत नसे.

घाई न करणे हा त्याचा खरा गुण. 'इझी स्ट्रीट' (२२ जानेवारी १९१७) पाहावा. एका दरिद्री, दांडगट गल्लीवर गुंड झालेल्या कॅम्पबेलचे राज्य आहे. तिथे नेमलेले पोलीस एकामागून एक स्ट्रेचरवर परत येतात. नोकरीच्या शोधातला चार्ली पोलीस होतो आणि पहिल्याच दिवशी त्याच गल्लीत जाऊन उभा राहतो. गुंड त्याच्याभोवती सावकाश फेऱ्या घालतो. चार्ली त्याच्या टाळक्यात दंडुका घालतो, पुन्हा घालतो, आणि हा गडी ढिम्म हलत नाही. दुसरा एखादा नट इथे डोके चोळता, दात विचकता, प्रेक्षकांकडे पाहता. कॅम्पबेल काहीच करत नाही, आणि त्याच्या या न करण्यातून प्रत्येक दंडुक्यागणिक चार्लीचा जीव अर्ध्याने कमी होतो. मग आपली ताकद दाखवायला तो रस्त्यावरचा गॅसच्या दिव्याचा खांब हाताने वाकवतो. ही फुशारकीच त्याला महागात पडते. चार्ली त्याच्या पाठीवर उडी मारतो, दिव्याची पेटी त्याच्या डोक्यात अडकवतो आणि गॅसची कळ फिरवतो. गुंड आडवा झाल्यावर त्याची नाडी पाहून खबरदारी म्हणून आणखी थोडा गॅस देतो. या दृश्याचे चित्रण चालू असताना दिव्याचा खांब पडून चॅप्लिनच्या नाकाला इजा झाली आणि काम थांबवावे लागले.

हा प्रसंग चॅप्लिनच्या कल्पकतेचा नमुना म्हणून पुष्कळदा सांगितला जातो आणि ते बरोबरच आहे. पण त्याची रचना उलगडून पाहिली तर भार कुणावर आहे ते दिसते. खांब वाकला, म्हणून दिवा हाताशी आला. खांब वाकवण्याइतका हा माणूस बलवान आहे, हे आपण आधीची काही मिनिटे मनोमन मान्य केले, म्हणून तो वाकणे खोटे वाटले नाही. आणि तो मूर्ख नसून गर्विष्ठ आहे, हे कॅम्पबेलने नीट ठसवले, म्हणून त्याची मान त्या पेटीत जाणे न्याय्य वाटले. शेवटी हाच गुंड सुधारतो; स्वच्छ कपडे घालून, बायकोला अदबीने सांभाळत प्रार्थनेला निघतो. त्या काही क्षणांत कॅम्पबेलने चालण्याची सगळी पद्धत बदललेली आहे. तेच शरीर आता जागा कमी व्यापते.

दांडगा दिसणे सोपे. दांडग्याला फसवता येईल असे दिसणे अवघड. 'द काउंट'मध्ये शिंपी झालेला कॅम्पबेल एका श्रीमंत घरच्या मेजवानीला उमराव म्हणून जाणार असतो आणि चार्ली त्याचा चिटणीस व्हायचा असतो. दारात पोचताच चार्ली स्वतःला उमराव आणि त्याला चिटणीस म्हणून सांगून मोकळा होतो. बिंग फुटण्याच्या भीतीने मालकाला नोकर बनून राहावे लागते, आणि ही चडफड कॅम्पबेल सगळ्या जेवणभर गिळत बसतो. 'द क्युअर'मध्ये तो बँडेज बांधलेला पाय सांभाळत एडनाकडे पाहून गोड हसतो. मध्ये बसलेल्या चार्लीला वाटते की हे हसू आपल्यासाठीच आहे. 'द रिंक'मध्ये तो चाकांच्या स्केट्सवर आहे. एवढा देह घेऊन पडायचे, तेही ठरल्या जागी, ठरल्या माणसावर आणि कुणाला इजा न करता, ही सर्कशीच्या तोडीची गोष्ट.

'बिहाइंड द स्क्रीन'साठी एक प्रकरण थोडे लांबले आहे. तिथे चॅप्लिनने दोघांची नावेच डेव्हिड आणि गोलायथ अशी ठेवली आहेत. स्टुडिओत डेव्हिड खुर्च्यांचा ढीग पाठीवर घेऊन राबतो आणि गोलायथ झोपा काढतो. मालक आला की श्रेय गोलायथचे. इथपर्यंत ही कामगारांची नेहमीची थट्टा आहे. पण मुलाच्या वेषात आलेल्या एडनाचे चार्ली चुंबन घेतो, ते गोलायथ पाहतो आणि दोन पुरुषांचे काय चालले आहे असे समजून लाडिकपणे मुरडत नाचू लागतो. १९१६ सालच्या विनोदी चित्रपटात हे धाडस मोठेच. शिवाय त्यातून कळते की कॅम्पबेलजवळ धाक दाखवण्यापलीकडे बरेच काही होते. एवढा अजस्र माणूस पायांच्या चवड्यांवर इतक्या हलकेपणाने वळतो की आपण क्षणभर चार्लीला विसरतो. चॅप्लिनने ते दृश्य ठेवले, आखडले नाही. आपल्यापुढे सहनटाला फुलू न देणारे नायक आपण पाहिले आहेत. निदान या अकरा चित्रपटांत चॅप्लिन तसा वागलेला दिसत नाही.

त्याला कॅम्पबेलची गरज नेमकी कशासाठी होती, याचा सर्वांत बोलका पुरावा 'द इमिग्रंट'च्या बाबतीत हाती लागला. म्युच्युअलच्या काळातली वापरात न आलेली रिळे पुढे केव्हिन ब्राउनलो आणि डेव्हिड गिल यांना मिळाली आणि त्यांवर त्यांनी १९८३ मध्ये 'अननोन चॅप्लिन' ही तीन भागांची मालिका केली. चॅप्लिन पटकथा लिहून काम करत नसे, कॅमेऱ्यासमोर टेकमागून टेक घेत गोष्ट शोधत असे, हे त्या रिळांमुळे डोळ्यांना दिसले. 'द इमिग्रंट'मधल्या हॉटेलच्या दृश्यात मुख्य वेटरचे काम आधी हेन्री बर्गमन करत होता. बर्गमन उत्तम नट, पण गोल आणि आनंदी चेहऱ्याचा. दृश्य पुढे सरकेना. चॅप्लिनने काम थांबवले, विचार केला आणि ती भूमिका कॅम्पबेलला दिली. बर्गमन त्याच दृश्यात चित्रकार झाला.

नट बदलताच दृश्याला कणा आला. दहा सेंट कमी पडलेल्या एका गिऱ्हाइकाला वेटरांकडून बेदम मार बसतो आणि चार्ली ते पाहतो. आपल्या खिशातले नाणे भोकातून पडून गेले आहे, हे त्याला नंतर कळते. आता तो एकेक शेंगदाणा मोजून खावा तसा वेळ काढत राहतो आणि कॅम्पबेल डोक्यावर उभा असतो. जमिनीवर सापडलेले नाणे चार्ली ऐटीत देतो. वेटर ते दातांत धरतो आणि नाणे वाकते. खोटे नाणे दातांत वाकले एवढीच कृती, पण ती कॅम्पबेलच्या दातांत होते, म्हणून प्रेक्षकाच्या पोटात गोळा येतो. तेच टेबल, तेच जेवण, तेच नाणे बर्गमनसमोरही होते. दुय्यम भूमिकेतला नट बदलल्याने मुख्य नटाचा अभिनय कसा बदलतो, याचे इतके स्वच्छ उदाहरण मूकपटांच्या इतिहासात मला दुसरे आढळलेले नाही.

'द इमिग्रंट' जून १९१७ मध्ये आला. ९ जुलैला कॅम्पबेलची पत्नी हृदयविकाराने अचानक वारली. थोड्याच दिवसांत सोळा वर्षांच्या उनाला मोटारीने धडक दिली आणि ती गंभीर जखमी झाली. सप्टेंबरमध्ये त्याने घाईने दुसरे लग्न केले; दोनएक महिन्यांत त्या पत्नीने घटस्फोटाचा दावा लावला. ऑक्टोबरात 'द अ‍ॅडव्हेंचरर' प्रदर्शित झाला. २० डिसेंबर १९१७ रोजी लॉस एंजेलिसमध्ये मोटार अपघातात कॅम्पबेल गेला, ३७ व्या वर्षी. त्याची राख वर्षानुवर्षे कुणी नेली नाही. १९५२ मध्ये ती रोझडेल दफनभूमीत पुरली गेली. या सगळ्यातून करुण रसाचे एक जाड पुस्तक सहज निघाले असते. मी त्याला एवढाच परिच्छेद दिला आहे, कारण माणसाचे दुर्दैव सांगत बसलो की त्याचे काम पाहायचे राहून जाते.

तोपर्यंत चॅप्लिनचा फर्स्ट नॅशनल कंपनीशी आठ चित्रपटांसाठी दहा लाख डॉलरचा करार झाला होता आणि ला ब्रेआ रस्त्यावर त्याचा स्वतःचा स्टुडिओ उभा राहत होता. जुनी मंडळी बहुतेक तिकडे गेली. कॅम्पबेलची जागा मात्र कुणी घेतली नाही. 'द किड' (१९२१) मध्ये एक दांडगा थोरला भाऊ येतो, त्याच्या ठोशाने दिव्याचा खांबही वाकतो. पण तो एका प्रसंगापुरता. त्या चित्रपटातला खरा धोका पोरक्या मुलांना गाडीत घालून नेणाऱ्या सरकारी व्यवस्थेचा आहे. 'द गोल्ड रश'मधला धिप्पाड मॅक स्वेन भुकेने वेडा झाल्यावर चार्लीला कोंबडा समजतो, पण एरवी मित्रच असतो. 'मॉडर्न टाइम्स'मध्ये समोर कारखाना उभा आहे. चित्रपट लांब झाले, चॅप्लिनचे वय आणि वाचन वाढले, जग बदलले. कारणे अनेक आहेत. तरी मला वाटते की सत्तेला एका माणसाचा देह आणि चेहरा देण्याची सोय १९१७ च्या डिसेंबरात संपली, आणि चॅप्लिनला ती सत्ता इतरत्र शोधावी लागली. हे अनुमान आहे, पुरावा नव्हे. शेवटच्या प्रकरणात त्याच्या बाजूने आणि विरुद्ध जे बोलता येईल ते मांडले आहे.

कॅम्पबेलची पडद्यावरची सगळी कारकीर्द पावणेदोन वर्षांची. एकेक चित्रपट पंचवीस-तीस मिनिटांचा. अकराही एका रविवारात पाहून संपतात आणि आज ते सहज मिळतात. आधी पाहावेत, मग वाचावे. क्रमाचा आग्रह नाही, पण सुरुवात 'इझी स्ट्रीट'ने केलेली बरी; मग 'बिहाइंड द स्क्रीन', मग 'द क्युअर', आणि 'द इमिग्रंट' सगळ्यांत शेवटी. 'द पॉनशॉप'मध्ये त्याला काम थोडे आहे, 'द व्हॅगाबाँड'मध्ये विनोद कमी आणि चाबूक जास्त. ते मध्ये कुठेही चालतील. पाहताना एवढेच टिपावे की आपले हसू नेमके कोणत्या क्षणी फुटले: चार्लीने काही केले तेव्हा, की कॅम्पबेलची मान त्याच्याकडे वळली तेव्हा. निम्म्या वेळा तरी उत्तर दुसरे येईल असा माझा कयास आहे. ज्यांचे तसे येणार नाही त्यांनी पुढची प्रकरणे वाचून माझ्याशी खुशाल भांडावे.